अक्षरांची उच्चनीचता आणि टेकडीवरची हवा

यवतमाळ जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी, बुद्धविहाराच्या ओट्यावर आम्ही काही कार्यकर्ते दर रविवारी दोन-तीन तास बसतो. शिष्यवृत्तीचे अर्ज, जातीच्या दाखल्याची जुळवाजुळव, बँकेची पत्रे असे काय काय येते. कापूस वेचणीच्या दिवसांत एका रविवारी एक मावशी दिवसाची मजुरी पाडून, एसटीने आल्या. हातात प्लास्टिकची पिशवी, पिशवीत नवऱ्याची दवाखान्याची कागदे. नवऱ्याला क्षय झालेला, गोळ्या सुरू. त्यांचे काम मात्र मुलाच्या शिष्यवृत्तीचे होते. मुलगा शिकायला बाहेरगावी, अर्जाची मुदत संपत आलेली, आणि त्याने खात्याचा पासवर्ड वडिलांच्या केसपेपरच्या मागच्या बाजूला लिहून ठेवलेला.

आम्ही पासवर्ड टाकला. चुकला. पुन्हा टाकला, पुन्हा चुकला. काही प्रयत्नांनंतर खाते कुलूपबंद झाले आणि उद्या या असा संदेश आला. नंतर मुलाचा फोन लागला तेव्हा उलगडा झाला. पासवर्ड बरोबरच होता. पण कागदावर त्याने सगळी अक्षरे मोठ्या लिपीत लिहिली होती, कारण कोणत्याही फॉर्मवर 'कॅपिटलमध्ये भरा' असेच आपल्याला शिकवलेले असते. यंत्राला त्यातली निम्मी अक्षरे लहान हवी होती. मावशींनी विचारले, "मोठं अक्षर म्हंजे कोनतं, दादा? आपल्यात तं सारे अक्षरं सारखेच."

मावशींना उद्या पुन्हा मजुरी पाडून यावे लागणार होते. त्यांच्या त्या वाक्याने आमची झोप उडवली. एका कागदाच्या पुढच्या बाजूला क्षयाचे औषध आणि मागच्या बाजूला पासवर्ड. या दोन्ही बाजूंचा इतिहास आम्ही शोधत गेलो, आणि तो एकाच प्रश्नाकडे घेऊन आला. दाराशी नियम कोण ठरवतो, आणि त्या नियमाची किंमत कोण मोजतो?

मोठे आणि लहान आले कुठून?

रोमन लिपी दगडावर कोरली जात होती तेव्हा तिच्यात आज आपण ज्यांना कॅपिटल म्हणतो तीच अक्षरे होती. पुढे लेखनिक हाताने भराभर लिहू लागले, तशी अक्षरे गोल आणि छोटी होत गेली. सुमारे बाराशे वर्षांपूर्वी युरोपात या लहान अक्षरांना एकसारखे वळण मिळाले. मग छापखाना आला. शिशाचे खिळे ठेवायला लाकडी खणांचे ट्रे असत, त्याला 'केस' म्हणत. कंपोझिटरच्या समोर दोन केस तिरक्या मांडलेल्या. वरच्या केसमध्ये मोठी अक्षरे, खालच्या केसमध्ये लहान. इंग्रजीत आजही मोठ्या अक्षरांना 'अप्पर केस' आणि लहान अक्षरांना 'लोअर केस' म्हणतात ते यावरून. म्हणजे वरचे आणि खालचे ही भाषा कामगाराचा हात कुठे पोहोचतो यावरून आली. लहान अक्षरे जास्त लागतात, म्हणून ती हाताजवळ. त्यात श्रेष्ठ-कनिष्ठ काहीच नव्हते.

संगणक आला तेव्हा प्रत्येक अक्षराला एक आकडा द्यावा लागला, कारण यंत्र फक्त आकडे ओळखते. अमेरिकेत १९६३ साली 'आस्की' नावाची यादी ठरली. तिच्या पहिल्या आवृत्तीत लहान अक्षरे नव्हतीच. ती १९६७ च्या सुधारित आवृत्तीत आली. त्या यादीत मोठ्या 'ए'चा आकडा ६५ आणि लहान 'ए'चा ९७. मोठ्या 'बी'चा ६६, लहान 'बी'चा ९८. सगळीकडे फरक नेमका ३२ चा. यंत्राच्या भाषेत हा फरक एका बिटचा, म्हणजे एका जागी शून्य की एक एवढाच. माणूस दोन्ही 'ए' एकच वाचतो. यंत्र ६५ आणि ९७ वाचते. त्याला कोणी वेगळे सांगितले नाही, तर ही दोन अक्षरे त्याच्यासाठी तितकीच परकी, जितके 'क' आणि 'म'.

'कोणी वेगळे सांगितले नाही तर' हे शब्द लक्षात ठेवा. कारण सांगता येते. दोन्ही सारखी मान, असे यंत्राला सांगणे प्रोग्रॅमरला अगदी सोपे असते. वेबसाईटचे मूळ नाव मोठ्या लिपीत टाका की लहान, पान तेच उघडते, कारण तसा नियम सुरुवातीलाच केला गेला. ईमेलचा पत्ता कसाही लिहा, पत्र बहुधा पोहोचते. विंडोजमध्ये एकाच फोल्डरात फक्त लहान-मोठ्या अक्षरांचा फरक असलेल्या दोन फाईली साधारणपणे ठेवता येत नाहीत. लिनक्समध्ये त्या आरामात दोन वेगळ्या फाईली असतात. यंत्र एकच, नियम दोन. म्हणजे हा नियम निसर्गाचा नाही. तो माणसांनी, कुठल्या तरी टेबलावर बसून केला आहे.

आपल्या लिपीत काय आहे?

मावशींचे म्हणणे अक्षरशः खरे आहे. देवनागरीत मोठे-लहान अक्षर नाही. तिची पूर्वज ब्राह्मी, तिच्यातही नव्हते. आपल्या महाराष्ट्रात सोपाऱ्याला सम्राट अशोकाच्या लेखाचे तुकडे सापडले. अशोकाच्या लेखांत राजाच्या नावाला आणि सामान्य प्रजेच्या उल्लेखाला अक्षरे एकाच जातीची आहेत. राजाच्या नावासाठी वेगळे मोठे अक्षर नाही.

पण इथे आम्ही स्वतःलाच थांबवतो. 'बघा, आपली लिपी किती समतावादी' असे म्हणून टाळ्या घेणे सोपे आहे. ज्या लिपीत अक्षरांची उच्चनीचता नव्हती, त्याच लिपीपासून आपल्या पूर्वजांना पिढ्यान्‌पिढ्या दूर ठेवले गेले. अक्षरे सारखी होती, ती शिकणारे हात सारखे मानले गेले नाहीत. ३१ जानेवारी १९२० रोजी 'मूकनायक' निघाला तेव्हा त्यासाठी वेगळी अक्षरे घडवावी लागली नाहीत. ज्या नागरी खिळ्यांनी पोथ्या छापल्या जात, तशाच खिळ्यांनी बहिष्कृतांचे म्हणणे छापले. खिळ्याला जात नव्हती. अडत होते ते छापखाना कोणाच्या ताब्यात आहे यावर. बाबासाहेबांनी पुढे स्वतःचा भारत भूषण छापखाना उभा केला तो याच समजुतीतून.

शाळेतली गोष्ट आमच्या वयाच्या वाचकांना आठवेल. मराठी शाळेत इंग्रजी पाचवीपासून सुरू होई. 'पहिली लिपी, दुसरी लिपी' असे करत चार लिप्या गिरवायच्या. एका 'ए'चे चार चेहरे. शहरातल्या इंग्रजी माध्यमाच्या मुलाला हे चार-पाच वर्षांचे असतानाच हाताला बसलेले. राज्यात पहिलीपासून इंग्रजी आले ते २००० साली. म्हणजे आज पन्नाशीत असलेल्या ज्या आई-बापांनी चौथीत शाळा सोडली, त्यांना मोठी-लहान लिपी शाळेने कधी दाखवलीच नाही. आणि आज त्यांच्या हक्काच्या कागदाचे कुलूप त्याच लिपीत आहे.

उदाहरण घ्या. डाऊनलोड केलेली ई-आधारची फाईल उघडायची तर इंग्रजी नावाची पहिली चार अक्षरे मोठ्या लिपीत आणि पुढे जन्मसाल टाकायचे. आयकर खात्याच्या वार्षिक माहिती विवरणाची फाईल उघडायची तर पॅन क्रमांक लहान लिपीत आणि पुढे जन्मतारीख. पॅन कार्डावर तोच क्रमांक मोठ्या लिपीत छापलेला असतो! एका कागदाला मोठे हवे, दुसऱ्याला लहान. बँकेच्या आयएफएससी कोडमध्ये पाचवे चिन्ह नेहमी शून्य असते. पुष्कळ लोक तिथे 'ओ' लिहितात, आणि यंत्राला तो कोड सापडत नाही.

आता दुसरी बाजूही प्रामाणिकपणे मांडू. मोठ्या-लहान अक्षरांचा फरक आपल्याही कामाला आला आहे. इंग्रजी कळफलकावरून मराठी टंकायची 'आयट्रान्स' नावाची पद्धत आहे. तिच्यात लहान 'टी' म्हणजे 'त', मोठा 'टी' म्हणजे 'ट'. लहान 'एन' म्हणजे 'न', मोठा 'एन' म्हणजे 'ण'. लहान 'एल' म्हणजे 'ल', मोठा 'एल' म्हणजे 'ळ'. सरकारमान्य इनस्क्रिप्ट कळफलकावर 'क' आणि 'ख' एकाच कळीवर आहेत, शिफ्ट दाबला की 'ख'. साध्या इंग्रजी स्पेलिंगमध्ये काळे आणि काले ही दोन आडनावे एकच होऊन जातात. मोठ्या 'एल'ने ती वेगळी ठेवली. म्हणजे फरक करणे हेच मुळी वाईट, असे आमचे म्हणणे नाही.

पासवर्डचेही तसेच. फक्त २६ लहान अक्षरांतून आठ अक्षरी पासवर्ड केला तर सुमारे २० हजार ८८२ कोटी शक्यता होतात. मोठी अक्षरेही धरली तर त्या बरोबर २५६ पट होतात. चोराला तेवढे जड जाते. गरिबाच्या खात्यालाही सुरक्षा हवीच.

मग आमचा आक्षेप कशाला आहे? फरक असण्याला नाही. त्या फरकावर हक्क टांगण्याला आहे. बाबासाहेबांनी जातिव्यवस्थेला श्रेणीबद्ध विषमता म्हटले. माणसामाणसांत फरक असतातच; कोणता फरक मोजायचा आणि त्यावरून कोणाला आत घ्यायचे, हे ठरवणारी सत्ता विषमता निर्माण करते. पासवर्डात मोठे-लहान बघा, हरकत नाही. पण नाव, गाव, आडनाव जुळवताना ते बघण्याचे कारण काय? आमच्या जिल्ह्याचेच बघा. इंग्रजांच्या काळातल्या कागदांत यवतमाळचे स्पेलिंग वाय, ई, ओ, टी अशा अक्षरांनी सुरू होते. आजचे स्पेलिंग वेगळे. त्याआधी जिल्हा वणीच्या नावाने ओळखला जाई. जिल्ह्याचे नाव बदलले तरी जिल्हा तोच राहतो, हे सगळ्यांना कळते. मग मजुराच्या आडनावात एक 'ए' जास्त पडला तर तो माणूस दुसरा कसा होतो?

कागदाची पुढची बाजू

आता तो केसपेपर उलटू. मावशींच्या नवऱ्याला क्षयाच्या गोळ्या गावातच मिळत होत्या, फुकट. साध्या क्षयाचा उपचार साधारण सहा महिन्यांचा. आज हे आपल्याला सहज वाटते. शंभर वर्षांपूर्वी या आजाराचे औषध म्हणजे हवा होती, आणि ती हवा विकत घ्यावी लागे.

रॉबर्ट कॉखने क्षयाचा जंतू १८८२ साली दाखवला, पण जंतू मारणारे औषध यायला आणखी साठ वर्षे लागली. तोवर उपाय एकच: डोंगरावरची कोरडी स्वच्छ हवा, विश्रांती, दूध-अंडी. त्यासाठी बांधलेली रुग्णालये म्हणजे सॅनेटोरियम. भारतातले पहिले १९०६ साली अजमेरजवळ तिलोनियाला मिशनऱ्यांनी सुरू केले. महाराष्ट्रात पाचगणीला, डालकीथ भागात, डॉ. रुस्तमजी बोमनजी बिलिमोरिया यांनी १९१२ साली 'बेल-एअर' सॅनेटोरियम उभारले. संस्थापकाच्या हेतूवर आम्हाला शंका घ्यायची नाही. औषध नसलेल्या काळात त्या डॉक्टरांनी जे करता येईल ते केले.

पण तेच १९१२ साल मुंबईत बघा. तरुण भीमराव आंबेडकर परळच्या बीआयटी चाळीत राहत होते, आणि १९३४ पर्यंत त्यांचे बिऱ्हाड तिथेच होते. एकेका खोलीत कुटुंबेच्या कुटुंबे, गिरणीतला कापसाचा धुरळा, सामाईक संडास. क्षय वाढतो तो नेमका अशाच कोंदट जागी. औषध मात्र पाचगणीच्या टेकडीवर. महिनोन्‌महिने कामावर न जाता, भाडे आणि खुराक परवडून टेकडीवर कोण राहू शकत होते? बाबासाहेब आणि रमाई यांनी आपली चार मुले गमावली. राजरत्न १९२६ साली गेला. रमाई दीर्घ आजारात खंगत गेल्या. हवापालटासाठी त्या काही काळ धारवाडला राहिल्या, आणि २७ मे १९३५ रोजी त्यांचे निधन झाले. त्याच सुमारास कमला नेहरू क्षयाने आजारी होत्या. त्यांच्यासाठी आधी कुमाऊंच्या डोंगरातले भोवाली सॅनेटोरियम, मग युरोपातली रुग्णालये झाली. २८ फेब्रुवारी १९३६ ला लोझान इथे त्या गेल्या. आम्ही कोणाच्या दुःखाची तुलना करत नाही, मृत्यू दोन्ही घरांत आला. पण उपचाराचे दार कोणाला किती उघडे होते, हे इतिहासाने लिहून ठेवले पाहिजे.

मद्रासने टेकडी सपाट केली

१९४३ साली स्ट्रेप्टोमायसिन सापडले, पुढे पीएएस आणि आयसोनियाझिड ही औषधे आली. तरी डॉक्टरांचा समज कायम होता की खरा उपचार सॅनेटोरियममध्येच. गरिबाच्या दाटीवाटीच्या घरात, अर्धपोटी, क्षय बरा होणार नाही. हा समज १९५६ मध्ये मद्रासला तपासायला घेतला गेला. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषद, मद्रास सरकार, जागतिक आरोग्य संघटना आणि ब्रिटनची वैद्यकीय संशोधन परिषद यांनी मिळून क्षयरोग औषधोपचार केंद्र काढले. शहरातल्या गरीब वस्त्यांमधल्या रुग्णांचे चिठ्ठ्या टाकल्यासारखे दोन गट केले. एका गटाला सॅनेटोरियममध्ये ठेवले, दुसऱ्याला घरीच. औषध दोघांना एकच, वर्षभर. सॅनेटोरियममध्ये आहार चांगला, विश्रांती भरपूर, हवा मोकळी. घरी जेवण कमी आणि कष्ट जास्त.

१९५९ साली निष्कर्ष छापून आले. दोन्ही गटांतले रुग्ण जवळपास सारख्याच प्रमाणात बरे झाले. घरी राहिलेल्यांच्या कुटुंबीयांनाही त्यामुळे जास्त लागण झाली नाही. कामाचे होते ते औषध, तेही नियमित आणि पुरे. भारताचा राष्ट्रीय क्षयरोग कार्यक्रम १९६२ पासून याच पायावर उभा राहिला, आणि जगभर सॅनेटोरियमचा काळ संपत गेला.

मित्रांनो, ही घटना आपल्या वाचनात फारशी येत नाही, पण ती यायला हवी. 'यांच्या वस्तीत उपचार चालणारच नाही' हे वाक्य तेव्हा विज्ञानाच्या नावाने बोलले जात होते. कोणीतरी ते मोजून पाहिले, आणि ते खोटे निघाले. आपल्याबद्दल बोलली जाणारी अशी किती वाक्ये अजून मोजायची राहिली आहेत? याचा अर्थ खुराकाला किंमत नाही असा नव्हे. २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या झारखंडमधल्या मोठ्या अभ्यासात रुग्णाच्या घरच्यांना पुरेसे धान्य दिल्यावर त्या घरांत नवीन क्षय सुमारे ४० टक्क्यांनी घटला. औषध आणि अन्न दोन्ही हवेत, पण ते रुग्णाच्या दारात हवेत.

पाचगणीचे बेल-एअर पुढे भारतीय रेडक्रॉसकडे आले, आणि १९९० च्या दशकापासून त्याने नवे काम हाती घेतले: एचआयव्ही-एड्सच्या रुग्णांची शुश्रूषा. हा बदल योग्य दिशेचा होता. एचआयव्हीने शरीराची ताकद ढासळते आणि क्षय त्याच फटीतून आत शिरतो. एचआयव्ही असलेल्यांच्या मृत्यूचे ते जगभर प्रमुख कारण आहे. त्या काळात या रुग्णांना घर, गाव, कधी दवाखानाही शिवून घेत नव्हता. ताट वेगळे, पेला वेगळा, खाट दाराबाहेर. ही यादी आपल्याला अनोळखी आहे का? आपल्या आजोबांनी हीच यादी सांगितली होती, आजाराचे नाव न घेता. ज्या टेकडीवर कधी ऐपत असलेला रुग्ण हवा खायला जाई, तिथे समाजाने टाकलेल्या रुग्णाला खाट मिळाली. सरकारी मोफत एआरटी औषधे १ एप्रिल २००४ पासून सुरू झाली, आणि भेदभावाला बंदी घालणारा एचआयव्ही-एड्स कायदा २०१७ साली झाला.

पण खाट मिळणे ही कोणाची तरी करुणा असते. बाबासाहेबांचा रस्ता हक्काचा होता. १९४२ ते १९४६ या काळात ते मजूर खात्याचे मंत्री होते. त्याच काळात प्रा. बी. पी. आडारकर यांनी कामगारांच्या आरोग्य विम्याचा अहवाल १९४४ साली दिला, आणि त्यातून पुढे १९४८ चा राज्य कामगार विमा कायदा आला. अनुसूचित जातींच्या विद्यार्थ्यांची मॅट्रिकोत्तर शिष्यवृत्तीही १९४४ सालचीच. म्हणजे मावशींच्या त्या कागदाच्या दोन्ही बाजू, आजारपणातला हक्क आणि शिक्षणाचा हक्क, एकाच कालखंडात कायद्याच्या आणि योजनेच्या भाषेत आल्या.

दार आता पडद्यावर आहे

आज क्षयाच्या प्रत्येक रुग्णाची नोंद २०१२ साली सुरू झालेल्या 'निक्षय' या संगणकीय यादीत होते. २०१८ पासून उपचाराच्या काळात पोषणासाठी दरमहा ५०० रुपये मिळू लागले, नोव्हेंबर २०२४ पासून ते १,००० झाले. पैसे थेट बँक खात्यात. शिष्यवृत्तीचेही तसेच. मधला दलाल गेला, हे चांगलेच झाले. पण खाते, आधार, नाव आणि स्पेलिंग यांची साखळी कुठे तुटली तर रुग्ण आणि विद्यार्थी दोघेही दाराबाहेर राहतात. पूर्वी दार टेकडीवर होते, आता पडद्यावर आहे. तेव्हा पैसा लागे, आता पहिली लिपी आणि दुसरी लिपी यांतला फरक कळावा लागतो.

म्हणून आमच्या मागण्या साध्या आहेत. नाव-गाव-आडनाव जुळवताना कोणत्याही सरकारी यंत्रणेने मोठ्या-लहान अक्षरांचा फरक धरू नये. जिथे फरक धरायचाच आहे, तिथे 'चुकीचा पासवर्ड' एवढे न सांगता 'मोठी-लहान अक्षरे तपासा' असे मराठीत लिहावे. मराठी नाव देवनागरीत नोंदले जावे आणि तेच मूळ मानावे. 'क'ला युनिकोडमध्ये २३२५ हा एकच आकडा आहे, त्याला मोठा-लहान भाऊ नाही. आणि खाते कुलूपबंद झाले तर ते त्याच दिवशी, माणसासमोर उघडण्याची सोय तालुक्याला हवी.

आणि आपले काम? विहारात, अभ्यासिकेत, वाचनालयात आठवड्यातून दोन तास बसा. पासवर्ड लिहून ठेवायचाच असेल तर लहान अक्षर लहान आणि मोठे अक्षर मोठे, जसे आहे तसे लिहायला शिकवा. मोठ्या अक्षराखाली रेघ मारा. तो कागद घरातच ठेवायला सांगा. चार नावांचे चार दाखले एका जागी ठेवून स्पेलिंग आधीच जुळवून घ्या. जे तरुण प्रोग्रॅमिंग शिकत आहेत त्यांच्यावर जबाबदारी जास्त आहे. उद्या तुम्ही लिहाल त्या एका ओळीने एखाद्या मावशीची दिवसाची मजुरी वाचेल किंवा बुडेल.

त्या मावशी दुसऱ्या दिवशी आल्या. अर्ज भरला गेला. जाताना त्यांनी तो केसपेपर मागितला, आमच्याकडून पेन घेतले आणि मुलाच्या पासवर्डातल्या मोठ्या अक्षरांखाली स्वतः रेघा मारल्या. मग कागद उलटून आम्हाला दाखवला: नवऱ्याच्या गोळ्यांचा चौथा महिना संपत आला होता.

जय भीम!